अझिझियाचे ५८ अंश

गेल्या वर्षी आपल्या उत्सवात तिसऱ्या दिवशी संध्याकाळी मुलांची प्रश्नमंजूषा झाली. प्रश्न काढण्याचे आणि गुण लिहिण्याचे काम माझ्याकडे होते. त्यात एक प्रश्न असा होता : जगात आजवर नोंदलेले सर्वांत जास्त तापमान कुठले? आठवीतल्या एका मुलीने हात वर करून उत्तर दिले, "डेथ व्हॅली, अमेरिका. ५६.७ अंश." माझ्या कागदावर लिहिले होते, "अल अझिझिया, लिबिया. ५८ अंश." मी "चूक" म्हणालो. ती जागेवरून हलली नाही. म्हणाली, "काका, ते रद्द झालंय." मंडपात हशा पिकला. माझ्या शेजारी बसलेल्या आजोबांनी उभा जन्म भूगोल शिकवला आहे. त्यांनीही मान हलवून माझीच बाजू घेतली. त्या मुलीच्या गटाचा पहिला नंबर एका गुणाने हुकला.

रात्री घरी आल्यावर शोधले तर मुलगी बरोबर होती, आणि मी तब्बल बारा वर्षे मागे होतो. माझे उत्तर शाळेत असताना पाठ केलेल्या सामान्यज्ञानाच्या पुस्तकातले. आमच्या पिढीतल्या बहुतेकांना ते पाठ आहे. सर्वांत उंच शिखर एव्हरेस्ट, सर्वांत लांब नदी नाईल, सर्वांत उष्ण ठिकाण अझिझिया. ग्वाल्हेरच्या मुलांना त्यात थोडा हेवाही वाटायचा. मे महिन्यात लष्करच्या गच्चीवर पापड घालायला गेलेल्या आईला आपणच जगात सर्वांत तापलेले आहोत असे वाटे, आणि आम्ही तिला पुस्तक दाखवून सांगत असू की नाही, आपल्यावर दहा-बारा अंशांची वरकडी आहे. तो आकडा कागदावर कसा चढला, नव्वद वर्षे कसा टिकला आणि कसा उतरला, हे वाचत गेलो तसे मला माझ्याच नोकरीतली एक जुनी गोष्ट आठवत गेली. संपादकांनी यंदा लेख मागितला तेव्हा विषय शोधावा लागला नाही.

अल अझिझिया हे लिबियाची राजधानी त्रिपोलीच्या दक्षिणेला सुमारे चाळीस किलोमीटरवर वसलेले गाव. भूमध्य समुद्र तसा फार लांब नाही, पण दक्षिणेला सहारा आहे. तिकडून वाळवंटी वारा सुटला की किनाऱ्यापर्यंतचा मुलूख भाजून निघतो. त्या वाऱ्याला तिथे गिबली म्हणतात. आपल्याकडच्या लूचा हा थोरला भाऊ म्हणायला हरकत नाही. १९११-१२ मध्ये इटलीने हा प्रदेश तुर्कांकडून घेतला, पण तो ताब्यात ठेवण्यासाठी पुढे वर्षानुवर्षे लढावे लागले. १९२२ साली तर लढाई चालूच होती. अझिझियाचे हवामान नोंदवण्याचे काम इटालियन सैन्याच्या ठाण्यात, टेकडीवरच्या किल्ल्यात होत असे. १३ सप्टेंबर १९२२ या तारखेसमोर तिथल्या तक्त्यात ५८ अंश सेल्सियस असा आकडा लिहिला गेला. फॅरनहाइटमध्ये १३६.४.

तोपर्यंत पहिला मान अमेरिकेतल्या डेथ व्हॅलीकडे होता. आता तो अझिझियाकडे आला. तिथून हा आकडा नकाशांत, विश्वकोशांत, गिनेस बुकात आणि आमच्या चाचणी परीक्षेत पोचला. त्याच्याबद्दल शंका नव्हती असे मात्र नाही. इटलीचे हवामानतज्ज्ञ अमिलकारे फांतोली यांनी १९५० च्या दशकातच हा आकडा संशयास्पद असल्याचे लिहिले होते. पण छापील आकड्याचे असे असते की एकाने छापला की दुसरा त्याच्यावरून उतरवतो, तिसरा दुसऱ्यावरून. मूळ कागद बघायला कोणी त्रिपोलीला जात नाही.

२०१० साली हवामानाच्या इतिहासाचे एक अमेरिकन अभ्यासक, ख्रिस्तोफर बर्ट, यांनी या नोंदीबद्दलच्या शंका एकत्र करून मांडल्या. जागतिक हवामान संघटनेत अशा विक्रमांची तपासणी करणारी एक व्यवस्था आहे. तिचे काम पाहणारे ॲरिझोना विद्यापीठाचे प्राध्यापक रँडल सर्व्हेनी यांनी प्रकरण हाती घेतले. (पूर्ण नाव ॲरिझोना स्टेट युनिव्हर्सिटी. त्या राज्यात दोन वेगळी विद्यापीठे आहेत, म्हणून सांगून ठेवतो.) लिबिया, इटली, स्पेन, इजिप्त, फ्रान्स, मोरोक्को, अर्जेंटिना, अमेरिका आणि ब्रिटन अशा नऊ देशांतले तज्ज्ञ समितीत होते. पण कळीचे काम केले ते लिबियाच्या राष्ट्रीय हवामान केंद्राच्या हवामानशास्त्र विभागाचे प्रमुख खालिद इब्राहीम अल फदली यांनी. १९२२ सालच्या त्या महिन्याचा हाताने भरलेला मूळ तक्ता त्यांनी शोधून काढला.

आपल्या देशाच्या नावावरचा जगातला विक्रम खोटा ठरवणारा कागद आपल्याच हाताने पुढे करायचा, हे सोपे नाही. सरकारी नोकराला तर मुळीच नाही. आणि तेही कर्नल गद्दाफीच्या राज्यात. त्यातच फेब्रुवारी २०११ मध्ये लिबियात क्रांती पेटली. संपर्क तुटला. पुढे कित्येक महिने समितीतल्या लोकांना फदली जिवंत आहेत की नाहीत हेही कळेना. तपासणी जागच्या जागी थांबली. ऑगस्टमध्ये त्रिपोली पडल्यानंतर त्यांच्याशी पुन्हा संपर्क झाला, आणि या माणसाने अर्धे राहिलेले काम परत हातात घेतले. मला या सगळ्या कहाणीत सर्वांत आदर वाटतो तो त्यांच्याबद्दल.

त्या तक्त्यात काय दिसले ते नीट सांगतो, कारण गंमत तिथेच आहे.

११ सप्टेंबरपासून तक्त्यातले अक्षर बदलते. म्हणजे नोंद करणारा माणूस बदलला. या नव्या माणसाने कमाल तापमान किमानच्या रकान्यात आणि किमान कमालच्या रकान्यात लिहिले आहे. त्याला फॉर्म भरण्याची सवय नव्हती हे उघड आहे. आणि विक्रमाची तारीख १३ सप्टेंबर, म्हणजे त्याचा तिसराच दिवस. शिवाय त्याचे आकडे आसपासच्या ठाण्यांच्या आकड्यांशी जुळत नाहीत. शेजारी इतके तापलेलेच नव्हते. त्याच अझिझियात पुढच्या काळात जी तापमाने नोंदली गेली त्यांच्याशीही हा आकडा मेळ खात नाही. उपकरणाखालची जमीनही वाळवंटाची नैसर्गिक जमीन नव्हती, डांबरासारखा काळसर थर होता, आणि असा थर किती तापतो हे दुपारी चप्पल विसरून रस्ता ओलांडणाऱ्याला विचारावे.

पण सर्वांत मोठा गुन्हेगार ठरला तो तापमापक. त्या वेळी तिथे बेल्लानी-सिक्स पद्धतीचे उपकरण वापरात होते. हे यंत्र मुळात अठराव्या शतकातले. इंग्लंडमधल्या जेम्स सिक्स यांनी ते शोधले आणि इटलीच्या बेल्लानींनी त्यात सुधारणा केली. घोड्याच्या नालेसारखी वाकवलेली काचेची नळी, तिच्यात अल्कोहोल आणि पारा, आणि दोन्ही बाजूंना पाऱ्याच्या डोक्यावर एकेक बारीक पोलादी पिन. तापमान वाढले की पारा एका बाजूची पिन वर ढकलतो. पुढे पारा उतरतो, पण पिन वर गेली तिथेच अडकून राहते. दिवसातून एकदा यायचे, पिन कुठे थांबली ते वाचायचे आणि लोहचुंबकाने तिला परत पाऱ्यावर आणून ठेवायचे. हुशारीचे यंत्र आहे. मेख एवढीच की वाचायचे ते पिनेचे खालचे टोक, कारण पाऱ्याने स्पर्श केला तो तिथे. नवख्या माणसाचा डोळा मात्र वरच्या टोकावर जातो. या पिनेची लांबी मोजपट्टीवर सुमारे सात अंश भरते.

५८ मधून ७ गेले की राहतात ५१. सहाराच्या कडेला, गिबली सुटलेल्या दिवशी, हा आकडा कोणालाही पटेल.

१३ सप्टेंबर २०१२ रोजी, बरोबर नव्वद वर्षांनी, जागतिक हवामान संघटनेने ही नोंद रद्द केल्याचे जाहीर केले. त्या वर्षी गणेश चतुर्थी १९ सप्टेंबरला होती. म्हणजे आपण सगळे मखर आणि मांडव यांच्या धांदलीत असताना आमच्या पुस्तकातले उत्तर बदलले होते, आणि कोणाला पत्ता नव्हता. निदान मला तरी नव्हता.

आता माझी गोष्ट. सिव्हिलचा डिप्लोमा करून मी राज्य सरकारच्या नोकरीत लागलो तेव्हा पहिली नेमणूक एका छोट्या धरणावर होती. धरणाशेजारी कुंपण घातलेला एक चौक असे. त्यात पर्जन्यमापक, बाष्पीभवन मोजायचे पत्र्याचे मोठे भांडे आणि चार पायांवर उभी असलेली, झरोक्यांची पांढरी लाकडी पेटी. या पेटीला स्टीव्हन्सन पेटी म्हणतात. ज्यांनी ती तयार केली ते थॉमस स्टीव्हन्सन म्हणजे कथाकार रॉबर्ट लुई स्टीव्हन्सन यांचे वडील. ते स्वतः दीपगृहे बांधणारे इंजिनियर होते. तापमापकावर ऊन पडू नये, जमिनीची धग लागू नये, पण वारा खेळता राहावा, एवढ्यासाठी तिचा सगळा खटाटोप. हवेचे तापमान म्हणजे सावलीतले तापमान, हे आपण विसरतो. उन्हातली जमीन केव्हाही त्याहून पुष्कळ जास्त तापते. इराणच्या लूत वाळवंटात उपग्रहाने २००५ साली जमिनीचे तापमान ७०.७ अंश मोजले होते. ते हवेच्या विक्रमांच्या यादीत धरत नाहीत ते याचमुळे.

तर त्या चौकातल्या नोंदी रोज एक चौकीदार करायचा. जुना, भरवशाचा माणूस. एकदा तो पुतणीच्या लग्नाला गावी गेला आणि त्याच्या जागी नऊ दिवस दुसरा आला. महिनाअखेरीस रजिस्टर माझ्यापुढे आले, मी खाली सही केली आणि पाठवून दिले. वर्षभराने भलत्याच कामासाठी ते रजिस्टर उघडले तर नऊ दिवस कमाल २४ आणि किमान ४१! एप्रिल महिन्यात! दोन्ही रकाने उलटे. त्या बदली माणसाला गाठून विचारले तर त्याने मला अगदी सरळ उत्तर दिले. "साहेब, सकाळी आधी गारवा असतो, मग ऊन येतं. म्हणून आधीच्या रकान्यात आधीचं लिहिलं." त्याच्या बोलण्यात चूक काढायला मला जागा सापडली नाही. चूक सही करणाऱ्याची होती. मी लाल शाईने नऊ ओळी दुरुस्त केल्या, तारीख घातली, आणि त्या दिवसापासून सही करण्यापूर्वी निदान अक्षर बदलले आहे का एवढे तरी बघतो. अझिझियाच्या तक्त्याबद्दल वाचताना ११ सप्टेंबरला अक्षर बदलते, या वाक्यापाशी मी थांबलो तो यामुळे.

अझिझिया बाद झाल्यावर मान परत डेथ व्हॅलीकडे गेला. कॅलिफोर्नियातली ही दरी समुद्रसपाटीच्याही खाली आहे, सर्वांत खोल जागी ८६ मीटर. दोन्ही बाजूंना उंच डोंगर. तापलेली हवा वर जाते, बाहेर पडायला वाट मिळत नाही, परत खाली येते आणि आणखी तापते. तिथे टाकणखाराच्या धंद्यातल्या एका कंपनीची ग्रीनलँड रँच नावाची शेतवाडी होती. नाव ग्रीनलँड, हा विनोद कोणाला सुचला होता देव जाणे. तिथल्या ऑस्कर डेंटन या कारभाऱ्याकडे तापमान नोंदवण्याचे काम होते. १० जुलै १९१३ ला त्याने १३४ फॅरनहाइट, म्हणजे ५६.७ सेल्सियस लिहिले. त्याच्या आगेमागे आठवडाभर रोजचा आकडा १२७ किंवा त्याहून जास्तच होता. उडत्या पाकोळ्या गरमीने मरून खाली पडत होत्या, अशी आठवण तो पुढे सांगत असे. गंमत म्हणजे त्याच रँचवर त्याच वर्षी ८ जानेवारीला उणे ९.४ अंश नोंदले गेले होते. एका वर्षात एकाच जागी ६६ अंशांची तफावत. आपल्या ग्वाल्हेरला मे महिन्यात ४५-४६ आणि जानेवारीच्या पहाटे दोन-तीन अंश असते, तरी आपण स्वेटर आणि कूलर एकाच कपाटामागे ठेवून कुरकुरतो.

पण या फरकाच्या बाबतीत सैबेरियातल्या व्हर्खोयान्स्क गावाचा हात कोणी धरणार नाही. समुद्रापासून दूर, नदीच्या खोऱ्यात वसलेले. हिवाळ्यात सूर्य जेमतेम उगवतो, आकाश निरभ्र, वारा पडलेला, आणि जड गार हवा खोऱ्याच्या तळाशी साठून राहते. पारा उणे ३९ च्या आसपास गोठतो, म्हणून तिथे अल्कोहोलचा तापमापक लागतो. फेब्रुवारी १८९२ ची तिथली नोंद आधी उणे ६९.८ म्हणून छापली गेली. नंतर उपकरणाची दुरुस्ती लावून ती उणे ६७.८ करण्यात आली. तिथेही आधी छापलेला आकडा मागे घ्यावा लागला. त्याच गावात २० जून २०२० ला अधिक ३८ अंश नोंदले गेले. जमा-वजाबाकी केली तर १०५.८ अंश होतात. एकाच गावातल्या माणसांनी हे दोन्ही सोसायचे.

पृथ्वीवरच्या सर्वांत थंड हवेचा मान मात्र अंटार्क्टिकातल्या सोव्हिएत व्होस्टोक केंद्राचा. २१ जुलै १९८३, उणे ८९.२. समुद्रसपाटीपासून जवळजवळ साडेतीन हजार मीटर उंचीवरचा बर्फ आणि महिनोन्‌महिने न उगवणारा सूर्य. त्याबद्दल वाद नाही, म्हणून लिहिण्यासारखेही फार नाही.

कागद तपासताना विक्रम फक्त जातात असेही नाही, मिळतातही. ग्रीनलंडच्या बर्फावर क्लिंक नावाच्या स्वयंचलित केंद्राने २२ डिसेंबर १९९१ ला उणे ६९.६ अंश नोंदले होते. ती नोंद कोणाच्या लक्षातच आली नव्हती. जुनी माहिती उपसताना ती सापडली, तपासली गेली, आणि २०२० मध्ये उत्तर गोलार्धातली सर्वांत कमी नोंद म्हणून मान्य झाली. व्हर्खोयान्स्कचा सव्वाशे वर्षांचा मान असा गेला.

आणि हे सगळे लांबच्या देशांत घडते असे कोणी समजू नये. २९ मे २०२४ ला दिल्लीतल्या मुंगेशपूर इथल्या स्वयंचलित केंद्राने ५२.९ अंश दाखवले. टीव्हीवर तासाभरात "देशातला सर्वोच्च विक्रम" म्हणून पट्टी फिरू लागली. दुसऱ्याच दिवशी नागपुरातल्या एका स्वयंचलित केंद्राने ५६ दाखवले. म्हणजे डेथ व्हॅलीला जवळजवळ गाठलेच! आमच्या नागपूरच्या नातेवाइकांचे फोन आले, त्यांच्या आवाजात चिंतेपेक्षा अभिमान जास्त होता. भारतीय हवामान विभागाने प्रमाणित उपकरण शेजारी ठेवून पाहिले तेव्हा मुंगेशपूरचे यंत्र सुमारे तीन अंश जास्त दाखवत असल्याचे निघाले. नागपूरचे यंत्रही बिघडलेले होते. राजस्थानातल्या फलोदीचा १९ मे २०१६ चा ५१ अंशांचा विक्रम जागेवर राहिला. अझिझियाला जे व्हायला नव्वद वर्षे लागली ते इथे काही दिवसांत झाले, याचे श्रेय द्यायला हवे. पुण्याला गेलेल्यांनी शिवाजीनगरचे शिमला ऑफिस पाहिले असेल. हवामान खात्याचे मुख्यालय १९२८ मध्ये सिमल्याहून पुण्याला आले, त्यावरून हे नाव पडले. पुढे मुख्यालय दिल्लीला गेले, पण उपकरणे पारखून घेण्याचे काम पुण्यात आजही चालते. पुणेकरांना दुसऱ्याची चूक काढायचे काम मिळाले आहे म्हटल्यावर ते चोख होणारच.

डेथ व्हॅलीचा आकडा तरी पक्का आहे का? त्याच बर्ट यांनी २०१६ मध्ये तोही तपासायला घेतला. त्या आठवड्यात आसपासची ठाणी इतकी तापलेली नव्हती, हाच आक्षेप तिथेही आहे. चांगल्या, नव्या उपकरणांनी डेथ व्हॅलीत मिळालेला सर्वांत मोठा आकडा ५४.४ आहे, ऑगस्ट २०२० आणि जुलै २०२१ चा. कुवेतमधल्या मित्रिबाहचा जुलै २०१६ चा ५३.९ आणि पाकिस्तानातल्या तुर्बतचा मे २०१७ चा ५३.७ हे आकडे जागतिक संघटनेने उपकरणे तपासून मान्य केले आहेत. ५६.७ त्यांच्यापेक्षा एकटाच उंच उभा आहे. जागतिक संघटनेच्या यादीत आज तरी तोच पहिला. माझे वैयक्तिक मत विचाराल तर मला डेंटनच्या आकड्याचा भरवसा वाटत नाही. पण माझ्या मताला गुण नसतात.

गेल्या वर्षीच्या गुणांचा कागद माझ्याकडेच होता. त्यावर लाल शाईने त्या गटाचा एक गुण वाढवला, तारीख घालून सही केली, आणि मंडळाच्या परवानगीने यंदा त्या चौघांना पहिल्या नंबरचे बक्षीस उत्सवाच्या पहिल्या दिवशी द्यायचे ठरवले. भूगोलाचे आजोबा ते स्वतःच्या हाताने देणार आहेत. हे सांगायला मुलीच्या घरी गेलो तर तिने चहाचा कप माझ्यापुढे ठेवत विचारले, "पण काका, डेथ व्हॅलीचंसुद्धा खरं नाही म्हणतात ना?"